उष्ट्या तोंडाचं स्वप्न

"सांगा पटकन! अख्ख्या गल्लीची कॉफी अडलीये माझ्यामुळे."

स्वालानं खांद्यानं दार ढकललं, ओला कोट खुंटीला अडकवला, स्टूल ओढलं आणि पिशवीतून सुया काढल्या. सगळं एका दमात. बाहेर पाऊस आडवा झोडपत होता आणि आधीच उशीर झाला होता. स्टेन्थोरकाकाच्या स्वयंपाकघरातल्या बाकावर पांघरुणांचा ढीग होता. ढीग हलला, त्यातून एक डोकं बाहेर आलं... आणि ते काकाचं नव्हतं.

काकाच्या डोक्यावर केस म्हणून नव्हते. या डोक्यावर तांबूस केसांचं रान माजलं होतं आणि त्याखाली दोन झोपाळू, हसरे डोळे होते.

"तुम्ही कोण?" तिनं विचारलं.

"पाहुणा."

"काकाचे भाचे का? अस्सं, अस्सं. स्वप्न पडलं का?"

"पडलं की."

"काही खाल्लं-प्यायलं नाही ना अजून?"

"बाई, अजून डोळेच पुरते उघडले नाहीत!"

"मग उत्तम," असं म्हणून स्वालानं टाके घालायला सुरुवात केली.

आइसलंडच्या वायव्य टोकाला असलेल्या या खाडीत स्वप्न वाया घालवत नाहीत. विणकरीण सकाळी घरोघरी जाते, ज्याचं स्वप्न त्याच्या लोकरीच्या पट्टीत विणते, आणि माणूस गेला की त्याच्या सगळ्या पट्ट्यांची गोधडी होते. आजोबांना काय स्वप्नं पडायची ते नातवंडांना बोटांनी कळतं. नियम मोजके, पण कडक. पहिला असा, की स्वप्न सांगून होईपर्यंत सांगणाऱ्याच्याच काय, विणणाऱ्याच्याही तोंडात कॉफीचा थेंब जाता कामा नये. उष्ट्या तोंडाचं स्वप्न विणत नाहीत. त्यामुळे ब्राताविक गावाचा स्वालावर जेवढा जीव होता, तेवढंच तिच्या येण्याच्या वेळेवर लक्षही होतं.

"एक होडी होती," पाहुणा छताकडे बघत म्हणाला. "खाली पाणीच नव्हतं, तरी चालली होती. मग एक बाई आली. तिच्या वेणीतून पाणी गळत होतं. मला काही न विचारता तिनं स्टूल ओढलं आणि म्हणाली... सांगा पटकन, अख्ख्या गल्लीची कॉफी अडलीये."

स्वालाच्या सुया थांबल्या. वेणीतला एक थेंब बरोब्बर त्याच वेळी पट्टीवर पडला.

"थट्टा करताय माझी?"

"थोडीशी." त्यानं उशीखाली हात घातला आणि बाहेर काढल्या त्या लाकडी सुया, टोकाशी वापरून काळ्या झालेल्या. "मी ओर्री. पलीकडच्या सांदुरचा नवा विणकर. काल तुम्हालाच भेटायला आलो होतो, पण समुद्रानं काकांची होडी परत जाऊ दिली नाही."

"विणकर असून स्वप्नाची थट्टा? शरम नाही वाटत?"

"वाटते ना. पण तुमचा चेहरा बघितला आणि शरमेचं काम उद्यावर ढकललं."

स्वालानं विणलेले टाके सर्रकन उसवले. "ही लोकर फुकट गेली. भरून द्याल."

"रविवारी," ओर्री म्हणाला. "दर रविवारी येणारच आहे मी. माझ्याशिवाय तुमची स्वप्नं कोण विणणार?"

तेही खरंच होतं. दुसरा नियम असा होता, की विणकरानं स्वतःचं स्वप्न स्वतः विणायचं नाही. ते पलीकडच्या काठाच्या विणकरानं विणायचं, आणि त्याचं आपण. आजवर सांदुरच्या एका पेंगुळलेल्या आजोबांनी स्वालाची स्वप्नं विणली होती आणि निम्म्या वेळा विणता विणता त्यांनाच झोप लागायची. आता मात्र समोर बसणारा माणूस चांगलाच जागा होता.

तो हिवाळा असा सुरू झाला. रविवारी सकाळी स्टेन्थोरकाकाची होडी धक्क्याला लागायची आणि ओर्री उपाशी पोटी उडी मारून उतरायचा. उपाशी पोटी स्वाला वाट बघत असायची. ती पातेलंभर क्लेना तळून ठेवायची, वेलदोडा घातलेल्या, पीळ दिलेल्या, शंकरपाळ्यांसारख्या गोड, आणि फडक्याखाली झाकायची. आधी त्याचं स्वप्न, मग तिचं, आणि मगच फडकं उचलायचं. त्या वासात उपाशी बसून स्वप्न सांगणं म्हणजे छळ होता, असं ओर्रीचं म्हणणं होतं.

"मुद्दाम तळता ना तुम्ही?"

"मुद्दाम नाही तर काय चुकून तळेन?"

"मग एक द्या ना. एवढीशी..."

"उष्टं तोंड झालं की परत जावं लागेल, विणकरसाहेब."

पहिला बर्फ पडला तोवर 'तुम्ही'चं 'तू' झालं होतं. कधी, ते दोघांपैकी कुणीच सांगू शकलं नसतं. स्टेन्थोरकाका सांगू शकला असता. पण काकाच्या तोंडात तीळ भिजत नसला तरी या बाबतीत त्यानं तोंड शिवल्यासारखं बंद ठेवलं होतं. तो नुसता होडीत बसून पाइप ओढायचा आणि परतीची वेळ झाली तरी हाक मारायचा नाही.

आणि मग एका शनिवारच्या झोपेत ओर्री स्वालाच्या स्वप्नात आला.

काही विशेष नव्हतं त्यात. तो तिच्या स्वयंपाकघरात एका पायात मोजा घालून दुसरा मोजा शोधत होता. ती क्लेना तळत होती आणि त्याला काकाच्या कुत्र्याच्या नावानं हाका मारत होती. बस. पण जाग आली तेव्हा स्वालाला इतकं सुख झालं होतं, की ती बराच वेळ डोळे मिटून पडून राहिली. मोजा सापडला का ते तिला बघायचं होतं. मग तिला तिसरा नियम आठवला आणि ती ताडकन उठून बसली.

ज्याच्या स्वप्नात आपण येतो, त्याचं स्वप्न आपण विणायचं नाही. कुणीही स्वतःला विणायला बसलं तर जरा देखणंच विणणार, असं जुनी माणसं म्हणतात. आणि असं दोन विणकरांमध्ये झालं तर एकानं खाडी सोडून जायचं, दुसऱ्या कुठल्यातरी लांबच्या काठाला. हाल्बेरामावशीच्या तरुणपणी असं झालं होतं. स्वालाला विणायला शिकवलं ते या मावशीनंच. त्या वेळी सांदुरला जो विणकर होता, तो पार देशाच्या पूर्व टोकाला गेला आणि पुन्हा कुणाला दिसला नाही.

म्हणजे खरं सांगितलं तर नवा म्हणून ओर्रीच जाणार. आणि स्वप्न खोटं सांगणाऱ्या विणकरणीच्या सुया काढून घेतात. सुयांवाचून स्वालाला दुसरं काही येत नव्हतं आणि यायला नको होतं.

होडीची शिटी वाजली. स्वालानं केस सारखे केले, आरशात स्वतःकडे बघितलं आणि ठरवून टाकलं. नियम करणाऱ्यांनी ओर्रीला बघितलेलं नाही.

"मला ना... एक देवमासा दिसला," तिनं सांगायला सुरुवात केली. "तो खाडीत आला. सगळं गाव बघायला गेलं. मग तो वळला आणि परत समुद्रात गेला."

ओर्री विणत होता. विणता विणता त्यानं मान वर केली. "आणि?"

"आणि काही नाही."

"सुटा टाका कुठे सोडू?"

इथे मात्र स्वालाची जीभ अडखळली. खऱ्या स्वप्नाला कुठेतरी जोड नसतो. होडीखाली पाणी नसतं, आईचा आवाज मेंढीचा असतो, दार उघडलं की समुद्र असतो. जिथे अर्थ तुटतो तिथे विणकर एक टाका सोडून देतो आणि पट्टीत बारीकसं भोक राहतं. स्वालाच्या देवमाशात भोकच नव्हतं. तो बापडा आला तसा सरळ गेला होता.

"सोड ना कुठेतरी," ती म्हणाली.

"कुठेतरी सोडत नसतात, स्वाला."

त्यानं पट्टी सपाट विणली, एकही टाका न सोडता, आणि गुंडाळून पिशवीत टाकली. त्या दिवशी त्यानं एकच क्लेना खाल्ली.

पुढच्या रविवारी स्वालाला बर्फात हरवलेली मेंढी दिसली, जी नंतर सापडली. त्याच्या पुढच्या रविवारी चर्चच्या छपराला रंग दिलेला दिसला. खरी स्वप्नं तिला रोज पडत होती आणि सगळ्यात तो होता, एकाच मोज्यानिशी. ओर्री मात्र अगदी भरभरून स्वप्नं सांगायचा. त्याला उडणाऱ्या भांड्यांचे जत्थे दिसायचे, बोलके दगड दिसायचे. स्वाला ती मन लावून विणायची आणि मनातून तिला वाईट वाटायचं. इतक्या स्वप्नांत आपण एकदाही येत नाही. साधा पाय ठेवायलासुद्धा नाही!

"एक विचारू?" दिवस मोठे व्हायला लागले तेव्हा एकदा ओर्री म्हणाला. "तू कुणालातरी लपवतेयस."

"चोराच्या मनात चांदणं," स्वाला फटकन बोलून गेली.

त्याचे कान लाल झाले. थंडी होती, त्यामुळे तिनं त्याचा अर्थ काढला नाही.

"ऐक," तो हळूच म्हणाला. "उन्हाळ्याचा पहिला दिवस जवळ आला. सभागृहात सगळ्यांच्या पट्ट्या उलगडतील. हाल्बेरामावशी त्यांवरून बोटं फिरवणार. तुझी पट्टी बर्फाइतकी सपाट आहे. एका क्षणात कळेल तिला."

"मग सोड ना दोन-चार टाके! तुझ्याच हातात आहेत सुया."

"सांगणाऱ्यानं काय सांगायचं ते त्याच्यावर. पण जे ऐकलं नाही ते मी विणणार नाही." तो पुढे वाकला. "एक खरं स्वप्न सांग, स्वाला. एकच. बाकीची पट्टी मी उसवून टाकतो. कोण आहे तो? मी... मी ऐकून घेईन."

तो 'ऐकून घेईन' इतक्या कष्टानं म्हणाला, की स्वालाला हसूही आलं आणि रडूही. आत्ता या क्षणी सांगून टाकावं, असं वाटलं. पण सांगितलं की संपलं. पुढच्या रविवारी होडीतून दुसराच कुणीतरी उतरला असता. तिनं फडकं उचललं आणि बशी त्याच्यापुढे सरकवली.

"खा," ती म्हणाली. "आणि माझी काळजी करू नकोस. मला माझं निभावता येतं."

आइसलंडात उन्हाळ्याचा पहिला दिवस एप्रिलातच साजरा होतो, आणि तो उजाडला तो नेहमीसारखा बर्फ घेऊनच. दोन्ही गावं ब्राताविकच्या सभागृहात जमली होती. पोरं कागदी झेंडे घेऊन धावत होती, लांब टेबलांवर केक होते, भाजलेलं मटण होतं, कॉफीच्या किटल्या फिरत होत्या. स्वालाच्या घशाखाली सकाळपासून घास उतरला नव्हता. समोरच्या टेबलाशी बसलेल्या ओर्रीची बशीही कोरी होती.

हाल्बेरामावशीला आता फारसं दिसत नसे, पण बोटांचे डोळे शाबूत होते. ती एकेक पट्टी मांडीवर घ्यायची आणि बोटांनीच वाचायची. "अगं बाई, स्टेन्थोर, अजून त्या बोकडाला भितोस का तू?" लोक हसायचे, पट्टी मालकाकडे जायची.

मग स्वालाची पट्टी आली. मावशीचं बोट एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे गेलं. परत आलं. सभागृहातली कुजबुज हळूहळू विझली.

"कुणाची ही?" मावशीनं विचारलं.

"माझी," स्वाला म्हणाली.

"कुणी विणली?"

"मी," ओर्री उठत म्हणाला. "मावशी, विणण्यात माझीच काही..."

"तू खाली बस," स्वाला म्हणाली. तिचा आवाज खणखणीत निघाला. तिचं तिलाच बरं वाटलं. "यानं जे ऐकलं तेच विणलं. मी खोटं सांगितलं. हिवाळाभर."

"अरे देवा!" कुणीतरी म्हणालं. एका पोराच्या हातातला झेंडा खाली पडला.

"का गं?" मावशीचा आवाज शांत होता.

"कारण खऱ्या स्वप्नात हा येतो." तिनं सरळ ओर्रीकडे बोट दाखवलं. आता लाजायला वेळ कुठे होता! "दुसरं कुणी येत नाही, दुसरं काही दिसत नाही. मला हा आवडतो. सांगितलं असतं तर तुम्ही याला खाडीबाहेर पाठवलं असतं. सुया घ्यायच्या तर माझ्या घ्या. पण याला कुठेही पाठवायचं नाही. हा प्रामाणिक आहे. माझ्यासाठी एक टाकासुद्धा सोडला नाही यानं."

ओर्रीचं तोंड उघडंच राहिलं होतं.

"प्रामाणिक, होय?" हाल्बेरामावशीनं हात पुढे केला. "आणा बघू त्याची पट्टी."

ती स्वालानं विणलेली होती, भोकाभोकांची, सुरेख. मावशीची बोटं त्यावरून चालली, थांबली, पुन्हा चालली. मग म्हातारीच्या गालावर हळूहळू एक खळी उमटली.

"स्वाला, एवढं विणलंस, पण तुला कळलं नाही? अगं, सगळी भोकं सारख्या अंतरावर आहेत! स्वप्न कधी असं फूटपट्टी लावून तुटतं का? या पठ्ठ्यानं घरी बसून रचलीयेत सगळी. चोरावर मोर निघाला हा!"

सभागृहात हशा उसळला. स्वाला गर्रकन वळली.

"ती उडणारी भांडी?"

"होडीत रचली," ओर्री पुटपुटला.

"आणि बोलके दगड?"

"त्यात काकांनी मदत केली."

स्टेन्थोरकाका पाइपमध्ये फार काहीतरी महत्त्वाचं शोधू लागला.

"मला म्हणालास, जे ऐकलं नाही ते विणणार नाही!"

"विणलं नाहीच की मी," तो म्हणाला. "सांगितलं तेवढं... स्वाला, तुला काय वाटतं, मला काय स्वप्नं पडत होती?"

हशा थांबला. कारण हसण्यासारखं जे होतं ते संपलं होतं आणि नियम तसाच उभा होता. सांदुरचा एक म्हातारा खाकरला. "वाईट वाटतं, पण रीत ती रीत. दोघांतल्या एकाला जावं लागेल."

"का?" स्वाला म्हणाली. "रीत एवढंच सांगते, की आम्ही एकमेकांची स्वप्नं विणायची नाहीत. नाही विणणार! पण खाडीत सुया धरणारं तिसरं माणूस असेल तर कुणी कशाला जायचं?"

"तिसरं आहे कोण?" म्हाताऱ्यानं विचारलं.

सगळ्यांच्या माना एकाच दिशेला वळल्या. हाल्बेरामावशीला दिसत नव्हतं, पण कळलं.

"अजिबात नाही!" ती कडाडली. "उभा जन्म उपाशी पोटी लोकांच्या दारात घालवला मी. आता कुठे अंथरुणात बसून कॉफी पिते! तुमचं ऐकून होईपर्यंत मलाही उपाशीच राहावं लागेल, ते माहितीये का?"

"माहितीये," स्वाला म्हणाली. ती मावशीपाशी गेली आणि तिच्या पायाशी खाली बसली. "मावशी, तुमच्या वेळी तुम्ही खरं सांगितलं होतंत ना?"

म्हातारीचे हात पट्टीवर स्थिर झाले.

"सांगितलं होतं," ती अखेर म्हणाली. "दुसऱ्याच दिवशी त्याची होडी गेली. इतकी माणसं होती गावात, पण आपली कॉफी थोडी उशिरा प्यावी असं एकालाही सुचलं नाही." तिनं नाक ओढलं. मग एकदम वसकन म्हणाली, "माझ्या सुया कुठायत? तुमच्या काढून घेत नाही, पण शिक्षा म्हणून ह्या दोन्ही पट्ट्या तुमच्याच हातांनी उसवा, लबाडांनो! सकाळपासून काही खाल्लंय का दोघांनी?"

दोघांनी माना हलवल्या. पट्ट्या वाचायच्या दिवशी मावशीही काही खात नसे; ती सोडली तर त्या भरल्या सभागृहात उपाशी अशी ही दोनच माणसं होती.

"मग बसा समोर. आणि खरं सांगा."

स्वालानं मोज्याचं स्वप्न सांगितलं. कुत्र्याच्या नावावर मावशीनं टाका सोडला आणि मान डोलावली. मग ओर्रीची पाळी आली. तो स्वालाकडेच बघत होता.

"पहिल्या दिवशी मी थट्टा केली होती. पण ती थट्टा मग रोज स्वप्नात यायला लागली. ही ओल्या वेणीनं येते, स्टूल ओढते आणि म्हणते, सांग पटकन. मला सांगायचं असतं, की... की तू मला आवडतेस. पण माझ्या तोंडात क्लेना असते. कितीही चावली तरी संपत नाही. आणि ही म्हणते, उष्टं तोंड! आणि निघून जाते. रोज."

स्वाला खळखळून हसली. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी आलं आणि तिनं ते पुसलंही नाही. टेबलावरून पुढे होऊन तिनं त्याचा हात धरला. त्याची बोटं गार पडली होती.

"सांगितलंस की," ती म्हणाली. "आता कुठे जातेय मी?"

त्याच उन्हाळ्यात त्यांचं लग्न झालं. ब्राताविकला स्वाला जाते, सांदुरला ओर्री, आणि दर रविवारी हाल्बेरामावशी स्टेन्थोरकाकाच्या हाताला धरून त्यांच्या घराची पायरी चढते. पावसाला, नियमांना आणि तरुण माणसांना शिव्या घालत चढते. पण एकही रविवार चुकवत नाही.

अशाच एका रविवारी ओर्रीला जाग आली ती हसतच. स्वाला चुलीपाशी क्लेना तळत होती. तो मागून आला, हनुवटी तिच्या खांद्यावर ठेवली. त्याच्या एकाच पायात मोजा होता.

"आज काय स्वप्न पडलं माहितीये?" तो तिच्या कानाशी कुजबुजला. "ऐक. तू होतीस, आणि..."

त्यानं पुढचं सांगितलं. ते ऐकता ऐकता स्वालाच्या कानाच्या पाळ्या गुलाबी झाल्या. बाहेर काठीची टकटक ऐकू आली. दार उघडलं आणि मावशी सुया काढतच आत शिरली.

"सांगा पटकन! पोटात कावळे ओरडतायत माझ्या."

"मावशी," ओर्रीनं सुरुवात केली, "आज मला..."

स्वालानं ताटलीतली गरम क्लेना मोडली, अर्धी त्याच्या तोंडात कोंबली आणि अर्धी आपल्या.

"मावशी, आज आधी कॉफी घ्या," ती भरल्या तोंडानं म्हणाली. "आमची दोघांचीही तोंडं उष्टी झालीयेत."